लिंबाचा थंड चहा घरी करताना गढूळ आणि कडवट का होतो?

मोर्णाकाठ

सप्रेम नमस्कार.

अकोल्यात मार्च सरता सरता पारा चाळिशीला टेकतो आणि मे महिन्यात तो ४५ अंशांच्या आसपास रेंगाळतो, हे विदर्भाबाहेरच्या वाचकांनाही ऐकून ठाऊक असेल. अशा दुपारी दुधाचा कढत चहा नकोसा होतो, पण चहाची तल्लफ काही जात नाही. म्हणून यंदा लिंबू घातलेला थंड चहा, म्हणजे उपाहारगृहांत ज्याला लेमन आइस्ड टी म्हणतात तो, घरीच करून ठेवावा असे ठरवले आहे. तयार पूड एकदा आणून पाहिली. परंतु पाकिटावरील घटकांच्या यादीत साखर सर्वांत वर आणि चहाचा अर्क बराच खाली दिसल्यामुळे ती पुन्हा आणावीशी वाटली नाही.

आमची पद्धत अगदी साधी आहे. पाण्याला उकळी आली की त्यात घरातली नेहमीची दाणेदार चहा पावडर घालतो, पाच-सात मिनिटे उकळू देतो, गाळतो, फ्रिजमध्ये ठेवतो आणि देताना साखर व लिंबू घालतो. गरम असताना हा चहा छान पारदर्शक आणि लालसर दिसतो, मात्र फ्रिजमधून काढल्यावर तो नदीच्या पहिल्या पुराच्या पाण्यासारखा गढूळ झालेला असतो. चवीलाही तो कडवट लागतो आणि जीभ कोरडी पडल्यासारखी वाटते. साखर कितीही ढवळली तरी तळाशी बसते. लिंबू रात्रीच पिळून ठेवले तर सकाळपर्यंत कडवटपणात आणखी भर पडते.

चैत्रातल्या हळदीकुंकवाला आमच्याकडे तीसएक जणी येतील. आंब्याची डाळ आणि पन्हे असणारच आहे, पण त्यासोबत हा चहाही ठेवावा असा सुनेचा आग्रह आहे, त्यामुळे तो निदान पाहुण्यांपुढे ठेवण्याजोगा व्हावा अशी इच्छा आहे. चहा कोणता घ्यावा, किती घ्यावा, उकळावा की नुसता भिजवावा, लिंबू नेमके केव्हा घालावे आणि करून ठेवलेला चहा किती काळ टिकतो, याबाबत जाणकारांनी मार्गदर्शन करावे.

कुन्नूरनिवासी

नमस्कार ताई.

नोकरीच्या निमित्ताने माझी बरीच वर्षे तमिळनाडूतील निलगिरी डोंगरांत, चहाच्या व्यवसायात गेली, त्यामुळे आपल्या प्रश्नाचे उत्तर थोडे विस्ताराने देतो. आपल्या कृतीत हात चुकलेला नाही. जी कृती दुधाच्या चहासाठी उत्तम आहे, तीच आपण बिनदुधाच्या थंड चहाला लावली आहे, एवढेच. आपल्याकडे घरोघरी जी दाणेदार पावडर असते ती सीटीसी पद्धतीची. काटेरी रुळांमधून पाने चिरडली (क्रश), फाडली (टेअर) आणि वळली (कर्ल) जातात म्हणून तिला ते नाव आहे, आणि ही पद्धत आसाममध्ये १९३०च्या सुमारास सुरू झाली. हे दाणे इतके बारीक असतात की त्यांच्यातील रंग, तुरटपणा आणि कॅफिन काही क्षणांतच पाण्यात उतरते. दूध घालून उकळण्यासाठी हा गुण फार उपयोगी आहे, कारण दुधातील प्रथिने चहातील तुरट द्रव्यांना बांधून टाकतात आणि आपल्याला कडक पण मऊ चव मिळते. दूध काढून घेतले की तोच तुरटपणा उघडा पडतो, आणि त्यात पाच-सात मिनिटे उकळी दिली तर तो असह्य होतो.

आता गढूळपणाविषयी. काळ्या चहाला त्याचा रंग आणि धार देणारी थिआफ्लेविन व थिआरुबिजिन नावाची द्रव्ये असतात. पाणी गरम असेपर्यंत ती विरघळलेली राहतात, पण चहा थंड होऊ लागला की त्यांची कॅफिनशी जोडणी होते आणि अतिसूक्ष्म कण तयार होऊन पाणी दुधाळ दिसू लागते. चहाची परीक्षा करणारे याला चहा ‘क्रीम डाउन’ झाला असे म्हणतात, आणि गंमत अशी की आसामच्या कडक चहात हे दिसले तर ते तो चहा दमदार असल्याचे लक्षण मानले जाते. म्हणजे आपला चहा खराब झालेला नसतो, तो फक्त दिसायला वाईट असतो. जितका चहा कडक आणि पाणी जितके जड, म्हणजे क्षारयुक्त, तितका हा प्रकार अधिक. गढूळ झालेल्या चहात थोडे उकळते पाणी मिसळले तर तो बऱ्याच अंशी पुन्हा निवळतो, हेही करून पाहता येईल.

यावर पहिला उपाय म्हणजे चहा बदलणे. ऑर्थोडॉक्स पद्धतीचा, म्हणजे अख्खी किंवा मोठ्या तुकड्यांची वळलेली पाने असलेला चहा घ्यावा, आणि त्यातही निलगिरीचा मिळाल्यास उत्तम. मी तिथे राहिलो म्हणून कौतुक करतो असे कोणी म्हणेल, पण निलगिरीचा ऑर्थोडॉक्स चहा थंड केल्यावरही स्वच्छ राहतो ही त्याची व्यवसायातली जुनी ओळख आहे. एक सावधगिरी मात्र घ्यावी. निलगिरीतही मोठ्या प्रमाणावर सीटीसी चहा होतो, तेव्हा पाकिटावर नुसते निलगिरी हे नाव पाहून घेऊ नये. पत्ती हातात घेऊन पाहावी, ती दाणेदार नसून लांबट आणि वळलेली असली पाहिजे. दार्जिलिंगचा चहाही चालतो, परंतु त्याचा नाजूक सुगंध लिंबाच्या आंबटपणाखाली दबून जातो आणि किंमत मात्र पूर्ण मोजावी लागते, म्हणून तो मी लिंबासाठी वापरत नाही.

दुसरा उपाय म्हणजे उकळणे पूर्णपणे बंद करणे. पाणी उकळून गॅस बंद करावा, पत्ती घालून झाकण ठेवावे आणि चार मिनिटांनी, फार तर पाच, गाळून घ्यावे. गाळणीतील पत्ती चमच्याने दाबून पिळू नये. आपल्याकडे ही सवय फार घट्ट आहे आणि शेवटच्या त्या चार थेंबांत सगळा तुरटपणा येतो.

त्याहून सोपी आणि मला अधिक पसंत असलेली पद्धत म्हणजे चहा गरमच न करणे. उकळून गार केलेल्या एक लिटर पाण्यात ८ ते १० ग्रॅम ऑर्थोडॉक्स पत्ती घालून भांडे झाकून फ्रिजमध्ये ठेवावे आणि सहा ते आठ तासांनी, म्हणजे रात्री ठेवल्यास सकाळी, गाळावे. थंड पाण्यात तुरट द्रव्ये आणि कॅफिन कमी प्रमाणात उतरते, सुगंध मात्र पुरेसा येतो, आणि गढूळपणाचा प्रश्न जवळजवळ उरतच नाही. ज्यांना चहा ‘लागला पाहिजे’ त्यांना ही चव सौम्य वाटेल हे मान्य करतो. त्यांनी गरम पद्धत धरावी. पत्ती मोजण्यासाठी वजनकाटा नसेल तर लक्षात ठेवावे की मोठी पत्ती हलकी आणि फुगीर असल्याने तिच्या एका चहाच्या चमच्यात दोन ग्रॅमही भरत नाहीत, तर सीटीसीच्या तेवढ्याच चमच्यात बरीच अधिक मावते.

अटलांटावासी

कुन्नूरनिवासींचा प्रतिसाद अतिशय उपयुक्त आहे. मी अनेक वर्षे अमेरिकेच्या दक्षिण भागात राहते. इथे ‘स्वीट टी’ म्हणजे गोड थंड चहा हे उन्हाळ्याचेच काय, बाराही महिन्यांचे पेय आहे आणि जेवणाबरोबर पाण्याच्या ऐवजी ते घेतले जाते. ताईंच्या साखरेच्या अडचणीवर इथला उपाय सांगते. इथे साखर नेहमी गरम चहातच विरघळवतात आणि मगच त्यात थंड पाणी घालतात; थंड चहात साखर घालून ढवळणे इथे अडाणीपणाचे समजले जाते. खरे पाहता गार पाण्यातही साखर भरपूर विरघळू शकते, पण तिचा वेग इतका मंदावतो की चमचा फिरवून फिरवून माणूस कंटाळतो.

चहा फ्रिजमध्ये भिजवणार असाल तर साखरेचा पातळ पाक वेगळा करून ठेवावा. साखर आणि पाणी समान वजनाने घेऊन साखर विरघळेपर्यंतच गरम करावे, तार येऊ देऊ नये. हा पाक बरणीत भरून फ्रिजमध्ये ठेवला तर आठ-दहा दिवस सहज टिकतो, आणि प्रत्येकाला आपापल्या गोडीप्रमाणे घेता येतो. आमच्याकडे मी एक लिटर चहाला साखरेचे प्रमाण साठ-सत्तर ग्रॅमपर्यंत ठेवते. इथल्या लोकांना ते फिके वाटते आणि भारतातून आलेल्या पाहुण्यांना बरोबर वाटते.

इथल्या काही घरांमध्ये गरम चहात चिमूटभर खाण्याचा सोडा घालतात. त्याने तुरटपणा कमी होतो आणि रंग गडद होतो, हे खरे आहे. पण लिंबू घालणार असाल तर सोड्याच्या वाटेला जाऊ नये असे मला वाटते. लिंबातले आम्ल आणि सोडा परस्परांना मारतात आणि हाती खारट चव उरते. याच्या उलट बाजूने, लिंबू पिळताच चहाचा रंग एकदम उजळ सोनेरी होतो तो चहा पातळ झाल्यामुळे नव्हे. चहातील रंगद्रव्ये आम्लात फिकी पडतात. तेव्हा रंग उतरला म्हणून पाहुण्यांसाठी आणखी पत्ती घालण्याचा मोह टाळावा.

एक इशारा द्यायचा आहे. काचेच्या बरणीत पाणी आणि पत्ती घालून ती अंगणात उन्हात ठेवायची आणि दिवसभराने गाळायची, असा ‘सन टी’ नावाचा प्रकार इथे लोकप्रिय आहे. अकोल्याचे ऊन पाहता कोणालाही ही कल्पना सुचेल. पण बरणीतले पाणी ५०-५५ अंशांच्या पलीकडे क्वचितच जाते. पत्तीवरचे किंवा बरणीतले जंतू मारायला ते पुरेसे नसते, आणि तापायला व निवायला लागणाऱ्या काही तासांत ते वाढायला मात्र छान ऊब मिळते. इथल्या आरोग्य यंत्रणांनी या पद्धतीविरुद्ध पूर्वीच सूचना दिलेल्या आहेत. भिजवायचाच असेल तर चहा फ्रिजमध्येच भिजवावा.

जाता जाता एक इतिहासाची गोष्ट, कारण तिचा संबंध भारताच्या चहाशी आहे. १९०४ साली सेंट लुईस येथे भरलेल्या जागतिक प्रदर्शनात रिचर्ड ब्लेचिंडन हे गृहस्थ भारतीय चहाच्या प्रचारासाठी आले होते. उकाड्यामुळे त्यांचा गरम चहा कोणी घेईना, म्हणून त्यांनी त्यात बर्फ घातला आणि आइस्ड टीचा जन्म झाला, असे इथे सर्रास सांगितले जाते. ही कथा अर्धीच खरी आहे. १८७९ साली प्रसिद्ध झालेल्या व्हर्जिनियातील पाककृतींच्या एका पुस्तकात बर्फ आणि लिंबू घातलेल्या चहाची कृती आहे, आणि तीही हिरव्या चहाची. भारतातील काळ्या चहाला बर्फासोबत लोकप्रिय करण्याचे श्रेय मात्र त्या प्रदर्शनाला द्यायला हरकत नाही.

मोर्णाकाठ

दोघांचेही मनापासून आभार. दुधाने तुरटपणा झाकला जातो हे वाचल्यावर बऱ्याच गोष्टींचा उलगडा झाला. आता काही शंका उरल्या आहेत.

आमच्याकडे नळाला काटेपूर्णा धरणाचे पाणी येते, पण ते काही दिवसांच्या अंतराने, त्यामुळे उन्हाळ्यात बोअरचे पाणीही वापरावे लागते. अकोला जिल्ह्याचा मोठा भाग खारपाणपट्ट्यात, म्हणजे भूजल खारे असलेल्या पट्ट्यात, येतो हे आपणांस ठाऊक असेलच. साध्या चहावरही त्या पाण्याचा एक चकचकीत तवंग येतो. ते चालेल का? दुसरे असे की तीस जणींसाठी बर्फ घरच्या फ्रिजमध्ये होणार नाही, तो बाहेरून आणावा लागेल. आणि तिसरे, आमच्याकडे सासूबाईंच्या वेळचे मोठे पितळी पातेले आहे, त्यात इतका चहा एकदम होईल. ते वापरावे का?

कुन्नूरनिवासी

पाण्याचे आधी सांगतो. तो तवंग म्हणजे जड पाण्यातील कॅल्शियम आणि चहातील द्रव्ये यांच्या हवेशी झालेल्या संयोगातून तयार होणारा पातळ थर असतो. लिंबाच्या आम्लाने तो नाहीसा होतो, परंतु त्याच कॅल्शियममुळे थंड चहा अधिक गढूळ होतो आणि खारेपणामुळे सुगंध मार खातो, तो लिंबाने परत येत नाही. तेव्हा चहापुरते तरी नळाचे किंवा शुद्धीकरण यंत्रातील पाणी राखून ठेवावे. पाच लिटरचा प्रश्न आहे.

पितळी पातेल्याला कल्हई असेल तर चहा गाळण्यापर्यंतचे काम त्यात करता येईल, पण लिंबू त्यात मुळीच पिळू नये. कल्हई उडालेली असेल तर सगळा चहा कळकेल आणि पाहुण्यांपुढे ठेवता येणार नाही. ॲल्युमिनियमही आंबट पदार्थाला वर्ज्यच समजावे, आणि लोखंडाचा स्पर्श झाला तर चहा काळा पडतो. स्टीलचे पिंप किंवा काचेची बरणी हेच योग्य.

बर्फाबाबत थोडा हिशेब मांडतो, कारण चव बिघडण्याचे ते एक मोठे कारण आहे. शून्य अंशावरचा एक ग्रॅम बर्फ वितळताना सुमारे ८० कॅलरी उष्णता शोषतो. या मानाने ६०० मिलिलिटर चहा ८० अंशांवरून ५ अंशांवर आणायचा झाल्यास अर्ध्या किलोहून अधिक बर्फ वितळावा लागतो, म्हणजे चहा जवळजवळ दुप्पट पातळ होतो. तोच चहा आधी ४० अंशांपर्यंत निवू दिला, जे आपल्याकडे मे महिन्यात खोलीचेच तापमान असते, तर पाव किलो बर्फात काम भागते. आणि तो फ्रिजमध्ये गार करून घेतला असेल तर बर्फ केवळ पेल्यात खुळखुळण्यापुरता लागतो. कडक गरम चहा थेट बर्फावर ओतण्याची पद्धत जपानमध्ये रूढ आहे आणि अशा झटपट गार करण्याने चहा स्वच्छ राहतो असे तिचे पुरस्कर्ते म्हणतात, तर अमेरिकेत नेमके उलट, चहा सावकाश निवू द्यावा असे सांगितले जाते. माझ्या मते या वादात वेळ घालवू नये. पत्ती योग्य असेल आणि चहा अति कडक नसेल तर दोन्ही रीतींनी तो स्वच्छ राहतो, आणि सीटीसी पावडर उकळलेली असेल तर दोन्ही रीतींनी गढूळ होतो.

बाहेरून बर्फ आणायचा असेल तर तो खाण्याचा आहे याची खात्री करून घ्यावी. मासळी किंवा इतर माल टिकवण्यासाठी जो लादीचा बर्फ तयार होतो तो पिण्यायोग्य पाण्याचा असेलच असे नाही. म्हणूनच राज्याच्या अन्न व औषध प्रशासनाने २०१८ साली अखाद्य बर्फाला निळा रंग देणे बंधनकारक केले. लादी पांढरी आहे एवढ्यावर विसंबू नये. पिशवीबंद खाद्य बर्फ, ज्यावर अन्नसुरक्षा परवान्याचा क्रमांक छापलेला असतो, तो मिळत असेल तर घ्यावा. नसेल तर बर्फाविना गार चहा द्यावा. फ्रिजमध्ये रात्रभर भिजवलेला चहा तसाही पुरेसा थंड असतो.

श्रीगोंदेकर

चहातले मला फारसे कळत नाही, पण लिंबातले थोडे कळते, कारण आमची बाग आहे. या चर्चेत लिंबाकडे अजून कोणी नीट पाहिले नाही म्हणून लिहितो.

परदेशी कृतींमध्ये ज्या पिवळ्या, मोठ्या, जाड सालीच्या लिंबाचा उल्लेख असतो ते आपले लिंबू नव्हे. आपल्याकडे बाजारात येते ते कागदी लिंबू. ते लहान, पातळ सालीचे, रसाला अधिक आंबट आणि वासाला वेगळे असते. त्यामुळे त्या कृतींत दिलेली लिंबांची संख्या जशीच्या तशी धरू नये. आपल्या एका मध्यम लिंबातून साधारण १५ ते २० मिलिलिटर रस निघतो आणि एक लिटर चहाला तीन, फार तर चार लिंबे पुरतात. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाच्या साई सरबती आणि फुले सरबती या जाती आमच्या भागात लावल्या जातात. त्यांची फळे रसदार असतात. बाजारात मात्र जात विचारून लिंबू मिळत नाही, तेव्हा हातात घेऊन आकाराच्या मानाने जड लागणारे, चकचकीत आणि पातळ सालीचे फळ निवडावे. हिरवे की पिवळे याला फार महत्त्व नाही. पिवळ्यात रस सहसा जास्त सुटतो.

ताईंचा रात्री पिळलेला रस सकाळी कडू का होतो, याला दोन कारणे आहेत. लिंबूवर्गीय फळांच्या गरात एक बेचव द्रव्य असते, त्याचे रस काढल्यानंतर आम्लामुळे हळूहळू लिमोनिन या कडू पदार्थात रूपांतर होते. याला काही तास लागतात, म्हणूनच ताजा रस कडू नसतो आणि शिळा कडू लागतो. दुसरे कारण म्हणजे सालीच्या आतला पांढरा भाग आणि बिया. पिळणीत लिंबू दाबून दाबून शेवटचा थेंब काढला, बी चिरडली, किंवा चकत्या रात्रभर चहात बुडवून ठेवल्या तर कडूपणा उतरणारच. चकत्या शोभेसाठी हव्याच असतील तर त्या पेल्यात, देताना घालाव्यात. रस ऐन वेळी काढणे शक्य नसेल तर तो आधी काढून लगेच बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवावा. गोठलेल्या रसात हा बदल फारसा होत नाही आणि हळदीकुंकवाच्या दिवशी हात मोकळे राहतात.

आणखी एक गोष्ट करून पाहावी. लिंबाचा खरा सुगंध रसात नसून सालीच्या वरच्या थरातील तेलात असतो. दोन-तीन लिंबांची फक्त वरची रंगीत साल बारीक किसणीने किसून, पांढरा भाग न येऊ देता, ती साखरेत चोळून तासभर ठेवावी आणि त्या साखरेचा पाक करून गाळून घ्यावा. या पाकामुळे एखादे लिंबू कमी घातले तरी चहा लिंबाचा लागतो. उन्हाळ्यात याचा खिशालाही उपयोग आहे. उन्हाळ्यात येणारे लिंबू हस्त बहाराचे, म्हणजे सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये फुललेले. तेव्हा पाऊस पुरता गेलेला नसतो, त्यामुळे झाडाला हवा तसा पाण्याचा ताण देता, म्हणजे फुले येण्यासाठी काही काळ पाणी तोडता, येत नाही आणि हा बहार धरणे सर्वांत अवघड असते. लिंबू ऐन मागणीच्या काळात महाग होते ते बव्हंशी यामुळे. व्यापाऱ्याला एकट्याला दोष देऊन उपयोग नाही.

पथ्यपाणी

आहारतज्ज्ञ म्हणून काही मुद्दे नोंदवते. घाबरवण्याचा हेतू नाही.

थंड झाला तरी तो चहाच आहे. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषद आणि राष्ट्रीय पोषण संस्था यांनी २०२४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या आहारविषयक मार्गदर्शक सूचनांमध्ये दिवसाचे कॅफिन ३०० मिलिग्रॅमच्या आत ठेवावे आणि जेवणाच्या आधी व नंतर किमान तासभर चहा-कॉफी टाळावी असे म्हटले आहे, कारण चहातील टॅनिन, म्हणजे वर आलेली तुरट द्रव्ये, अन्नातील लोह शोषू देत नाही. आपल्याकडे स्त्रियांमध्ये रक्तक्षयाचे प्रमाण किती आहे हे वेगळे सांगायला नको. लिंबातील क जीवनसत्त्व लोहशोषणाला मदत करते हे खरे असले, तरी म्हणून लिंबू-चहा जेवणासोबत घेण्याचा परवाना मिळत नाही. हळदीकुंकू दुपारी उशिरा असते, तेव्हा ती वेळ योग्यच आहे.

थंड पेय घटाघट प्यायले जाते, आणि इथेच गरम चहापेक्षा अधिक जपावे लागते. दिवसभर तहानेवर हाच चहा पिणे योग्य नाही. काळ्या चहात ऑक्झलेट असते, जे मूतखड्याला कारण ठरू शकते. २०१५ मध्ये अमेरिकेतील अर्कान्सास राज्यातील एका रुग्णाची मूत्रपिंडे निकामी झाल्याची नोंद वैद्यकीय नियतकालिकात आली होती आणि तो रोज सोळा पेले आइस्ड टी पीत असे. एखाद-दोन पेल्यांनी कोणाला काही होत नाही, पण विदर्भाच्या उन्हाळ्यात घाम फार जातो, लघवी कमी होते आणि मूतखड्याचा त्रास असणाऱ्यांची संख्याही कमी नाही. अशांनी तहान पाण्याने भागवावी, चहा हौसेपुरता घ्यावा.

मधुमेह असलेल्या पाहुण्यांसाठी बिनसाखरेचा चहा वेगळ्या भांड्यात ठेवावा आणि पाक बाजूला द्यावा. सर्वांच्या चहात आधीच साखर घातली तर त्यांना नुसते बसून राहावे लागते. लहान मुलांना हा चहा न दिलेलाच बरा. टिकण्याबाबत म्हणाल तर लिंबू न घातलेला, गाळलेला चहा झाकून फ्रिजमध्ये दोन दिवस, आणि लिंबू घातल्यावर त्याच दिवशी संपवावा. बाहेर टेबलावर पिंपात भरून ठेवलेला चहा अकोल्याच्या तापमानात दोन तासांपेक्षा अधिक ठेवू नये. थोडा थोडा बाहेर काढावा.

दाभोळखाडी

कोकणातला माणूस म्हणून कोकम सरबताची बाजू घेण्याचा मोह आवरतो आणि विषयालाच धरून बोलतो. मुलांसाठी आणि कॅफिन नको असलेल्यांसाठी चहाच्या पत्तीऐवजी गवती चहा वापरून हीच कृती उत्तम होते. मूठभर ताज्या पाती धुऊन, कातरून, देठाचा पांढरा भाग ठेचून एक लिटर उकळत्या पाण्यात घालाव्यात, झाकण ठेवून दहा मिनिटांनी गाळावे आणि निवल्यावर लिंबू पिळावे. यात कॅफिनही नाही आणि गढूळपणाचा प्रश्नही नाही. खऱ्या चहात घालायच्या असतील तर दोन-तीन पाती पुरेत, अन्यथा लिंबाचा आणि पातींचा वास एकमेकांत मिसळून चहाचा पत्ता लागत नाही. पुदिना घालणार असाल तर पाने चुरगळू नयेत, तळहातावर ठेवून एकदा थोपटून पेल्यात टाकावीत. चुरगळलेला पुदिना काळा पडतो आणि गवतासारखा लागतो. आले मात्र मी थंड चहात घालत नाही, ते पावसाळ्यात.

मोर्णाकाठ

सर्वांच्या प्रतिसादांनुसार काल एक लिटरचा प्रयोग केला. इथल्या एका दुकानात निलगिरीची मोठी पत्ती मिळाली. ती दहा ग्रॅम घेऊन नळाच्या उकळून गार केलेल्या पाण्यात रात्रभर फ्रिजमध्ये भिजवली, सकाळी गाळून सालीच्या साखरेचा पाक घातला आणि देताना तीन लिंबे पिळली. चहा आरपार दिसत होता. सुनेला आवडला, पण यजमानांचे म्हणणे असे की याला चहा म्हणण्याइतका चहा यात नाही. तीस जणींसाठी प्रमाण वाढवताना पत्ती वाढवावी की अधिक वेळ भिजवावी?

कुन्नूरनिवासी

यजमानांचा आक्षेप अपेक्षितच होता. दुधाच्या कडक चहावर वाढलेल्या जिभेला ही चव पहिल्या दिवशी पटत नाही. पत्ती वाढवावी, वेळ वाढवू नये. दहा-बारा तासांच्या पुढे थंड पाण्यातही तुरटपणा उतरू लागतो. लिटरला १२ ग्रॅमपर्यंत जायला हरकत नाही. किंवा दोन्हींची सांगड घालावी: एकूण पत्तीपैकी निम्मी थोड्या उकळत्या पाण्यात चार मिनिटे झाकून ठेवून, गाळून पूर्ण निवू द्यावी आणि उरलेल्या निम्म्या पत्तीच्या थंड भिजवलेल्या चहात हे पाणी मिसळावे. पहिल्याने धार येते, दुसऱ्याने सुगंध.

तीस जणींना पन्हेही असणार, तेव्हा प्रत्येकी दीडशे मिलिलिटर धरले तर साडेचार लिटर चहा लागेल. त्यासाठी ५५ ग्रॅमच्या आसपास पत्ती, ३०० ग्रॅम साखरेचा पाक आणि पंधरा लिंबे घ्यावीत. पत्ती आपल्या वजनाच्या तीन-चार पट पाणी शोषून घेते, म्हणून पाणी पावशेरभर जास्त घालावे आणि ती पिळून ते परत मिळवू नये. पाकही पातळ आहे, त्याचे पाणी या साडेचार लिटरमध्येच मोजावे. लिंबू सगळ्या चहात एकदम न पिळता, पहिल्या दहा जणी आल्या की तेवढ्याच चहात पिळावे, पुढच्या आल्या की पुढच्या भांड्यात. यजमानांसाठी अर्धा लिटर चहा लिटरला १५ ग्रॅमच्या प्रमाणाने वेगळा करून ठेवावा, आणि तो थोडा गढूळ झाला तर त्यांना तो दमदार चहा असल्याचे सांगावे.